सायखेड्याच्या त्या बाजाराला

परतीची भाकरी मी जातानाच खाऊन टाकली.

कुठे खाल्ली तेही सांगून टाकतो. नाशिकहून सायखेड्याला जाणाऱ्या एसटीत, चांदोरी यायच्या आत. बायकोने सकाळी बाजरीची भाकरी फडक्यात बांधून दिली होती आणि आपल्या मनाने तिच्यावर लसणाची चटणी ठेवली होती. शेजारच्या गृहस्थांनी नाक वर करून विचारलं, "घरची का?" मी नुसती दाखवायला म्हणून गाठ सोडली. चतकोर त्यांना दिली, बाकीची दाखवता दाखवता संपली.

काळवाटेने कधी न गेलेल्या वाचकाला यात काय बिघडलं ते कळायचं नाही, म्हणून आधी थोडं मागचं सांगतो. नाशकात माझी छोटी टूर कंपनी आहे. लोकांना मी चारधाम, केरळ, अंदमान फिरवून आणतो आणि स्वतः पंचवटीत रस्ता चुकतो. एकदा सगळं जग बघून कंटाळलेल्या एका गिऱ्हाइकाने मला विचारलं, "तुमच्याकडे मागच्या काळाची टूर नाही का हो?" मी हसलो, पण ते कानात राहिलं. चौकशी केली तर कळलं, काळाचे नकाशे काढणारी, त्यावरून माणसं नेणारी-आणणारी मंडळी आपल्याच जिल्ह्यात आहेत, आणि त्यांतल्या सगळ्यांत जाणत्या म्हणजे मनमाडच्या जुबेदाआपा.

मनमाड

आपांचे वडील रेल्वेत सांधेवाले होते. "अब्बा रूळ बदलायचे, मी साल बदलते," अशी त्यांनी स्वतःची ओळख करून दिली. साठीच्या बाई, डोक्यावर ओढणी, आणि नाक असं की बोलताना समोरच्याने त्याच्याकडेच बघत राहावं. त्या नाकावर त्यांचा सगळा धंदा. जमिनीवर मैलाचे दगड असतात, काळात वास असतात, हे मला त्यांच्याकडे पहिल्यांदा कळलं. त्यांनी नकाशा अंथरला. वरच्या बाजूला उत्तर दिशा नव्हती, गेलेला काळ होता. "पाणी वरून येतं ना? मग?" एवढंच त्याचं स्पष्टीकरण. खाली आपण, आणि आपल्यापासून वर वर जाणारे वासाचे पट्टे. गॅसच्या शेगडीचा पट्टा जवळजवळ कोरा, कारण त्याला वासच नाही. मग स्टोच्या रॉकेलचा लांबच लांब पट्टा. त्याच्या वर गोवऱ्यांचा धूर.

"रॉकेलमध्ये लोक चुकतात," आपा म्हणाल्या. "सगळं एकसारखं लागतं. एका नवशिक्याने बारशाला म्हणून नेलं आणि त्याच पोराच्या लग्नात सोडलं."

मी मोठ्या उत्साहाने म्हणालो, मला एखादी इतिहासातली मोठी घटना बघायची आहे. आपांनी मान हलवली. "मोठ्या दिवसाला गर्दी लई. आणि आपल्या घरी तर जायचंच नाही, रडारड होते. पहिल्यांदा जाणाऱ्याने बाजार करावा. बाजाराच्या दिवशी परक्या माणसाचं कुणाला काही वाटत नाही."

सायखेड्याचा एक जुना बाजार त्यांना नकाशात भरायचा होता, आणि घाई होती. काळवाट कुठूनही कुठेही जात नाही. तो दिवस ज्याला लख्ख आठवतो असं एक तरी माणूस जिवंत लागतं. त्याला खुंटा म्हणतात. खुंट्याने या काठावर बसून तो दिवस सांगत राहायचं, तोवर वाट उघडी. खुंटा गेला की ती वाट कायमची बुजते. सायखेड्याच्या त्या बाजाराचा आपांना सापडलेला एकुलता एक खुंटा म्हणजे तिथले एक शेतकरी, तात्या.

राहिली भाकरी. आपल्या काळातलं अन्न पोटात आहे तोवर माणूस तिकडच्यांना दिसत नाही, त्याचा धक्का लागला तरी वारा लागल्याइतकाच. तिकडचा एक घास पोटात गेला की तो तिकडचा झाला. दिसायला लागतो, धडकायला लागतो, आणि परतीची वाट त्याला बंद. ती उघडायला इकडच्या भाकरीचा घास लागतो. म्हणून भाकरी जवळ ठेवायची आणि तिकडे भूक लागली तर तीच खायची.

"समजलं?" आपांनी विचारलं.

"त्यात काय न समजण्यासारखं आहे?" मी म्हणालो.

सायखेडा

द्राक्षबागांच्या मधून एसटी गावात शिरली. आपा माझ्या आधीच पोचल्या होत्या. तात्या गोदावरीच्या घाटावर बसले होते. सत्तरी पार केलेला उंच माणूस, पांढरी टोपी, मांडीवर पडलेले मोठे हात. घाटाखालचं पाणी गढूळ आणि शांत होतं. मला वाटलं होतं, खुंटा म्हणजे एखादा गप्पिष्ट म्हातारा असेल. हे गृहस्थ एक शब्द बोलेनात. मग आपा म्हणाल्या, "तात्या, यांनापण सांगून टाका. चार डोळे बरे."

तात्यांनी माझ्याकडे न बघता सांगितलं.

"त्या बाजाराला आम्ही दोघं भाऊ गाडी घिऊन आलो व्हतो. मी अन् धाकटा, नाना. बैल सोडून गाडीला बांधले. त्यातला कोश्या लय बुजरा. मी गूळ घ्यायला निघालो, नानाला म्हनलं, ह्याचा दोर हातात धरून बस. माघारी आलो तं नाना हाय, बैल नाय. नदीला पानी व्हतं. गेला त्यो गेलाच. नाना काहीबाही सांगाया लागला. मी ऐकूनच घेतलं नाय. भर बाजारात थोबाडीत मारली त्याच्या."

"मग?"

"मग काय. त्याच साली वाटण्या झाल्या. त्यो वणीला सासुरवाडीला जाऊन ऱ्हायला. तवापासून बोलनं नाय." तात्यांनी टोपी काढली, परत घातली. "गेल्या महिन्यात त्याला अटॅक आला. मी दवाखान्याच्या दारापर्यंत गेलो अन् माघारी फिरलो. आत जाऊन म्हनू काय? माफ केलं म्हनू, का माफ कर म्हनू? तेवढं एकदा कळू द्या. बैल नानानं सोडला का, एवढं बघून या. मग वाट बुजू द्या न्हाय तं ऱ्हाऊ द्या."

मी गंमत बघायला निघालेला माणूस. सहलीला जाताना कुणी हातात औषधाची चिठ्ठी द्यावी तसं झालं.

आपा उठल्या. "भाकर है ना, भाईसाब?"

खरं बोलायची हीच वेळ होती. पण 'एसटीत खाल्ली' हे वाक्य तात्यांच्या त्या चेहऱ्यासमोर तोंडातून निघेना. मी खांद्यावरची पिशवी थोपटली. आत पाण्याची बाटली होती आणि बाजूच्या कप्प्यात आमच्या कंपनीची जाहिरात छापलेली केशरी छत्री. "आहे ना," मी म्हणालो.

तात्यांनी डोळे मिटले आणि सांगायला लागले. "सकाळचं ऊन पडलं व्हतं. गाड्या येत व्हत्या..." आपा घाटाच्या पायऱ्या उतरायला लागल्या, मी त्यांच्या ओढणीचं टोक धरून मागे. पाणी पायाला लागेल लागेल म्हणतो तर लागेना. नाकात आधी काहीच नाही, मग रॉकेल. ते इतका वेळ चाललं की मला शिंक आली. "शिंकू नका, माझी वाट पुसते," आपा खेकसल्या. एकदम थांबून त्यांनी हवा चाखल्यासारखी केली. गोवऱ्यांचा धूर, ओलं गोणपाट, गूळ. "आलो," त्या म्हणाल्या.

तो बाजार

माझ्यासारखं ज्यांना रोज मोटारींच्या हॉर्नमध्ये राहायची सवय आहे त्यांना तिथे आधी कान बंद झाल्यासारखे वाटतात. भोंगा नाही, इंजिन नाही. मग हळूहळू कळतं की आवाज भरपूर आहे, पण सगळा माणसांचा आणि जनावरांचा. प्रत्येक जण कुणाला तरी नावाने हाक मारत होता. आपल्याकडे हल्ली भाजीवाला आपल्याला 'बोला साहेब' म्हणतो आणि पैसे घेताना मान वर करत नाही. इथे मिरच्या विकणारी बाई गिऱ्हाइकाच्या सासूच्या गुडघ्याची चौकशी करून मगच मिरच्यांना हात लावत होती. वारा आला तर पाचोळा उडत होता, प्लास्टिकची एक पिशवी कुठे दिसेना. लिंबाखाली न्हावी एकाची दाढी करता करता दुसऱ्याचं लग्न जुळवत होता. मी तोंड उघडं टाकून हिंडत होतो. लोक माझ्यातून वाऱ्यासारखे जात होते आणि मला गुदगुल्या होत होत्या.

गाड्यांच्या रांगेत नाना सापडला. विशीतला पोरगा, कोवळी मिशी. कोश्याचा दोर त्याने हाताला एक वेढा देऊन धरला होता आणि बैलाशी काहीतरी बोलत होता. गूळ आणायला निघालेल्या तरुण तात्यांची उंच पाठ मला गर्दीत जाताना दिसली.

"इथून हलायचं नाही," आपा म्हणाल्या. "याच्यावरून नजर काढायची नाही. मी चक्कीकडचा वास घेऊन आले."

मी उभा राहिलो. नाना बसला होता. खरं सांगतो, इतक्या मन लावून दोर धरून बसलेला माणूस मी पाहिला नाही. शेजारचा गाडीवान त्याला म्हणाला, "चल रं, कुस्ती लागलीये तिकडं." नाना म्हणाला, "दादानं सांगितलंय." आणि बसूनच राहिला.

तेवढ्यात वारा फिरला.

कांद्याची भजी. शेंगदाण्याच्या तेलात, नुकती सोडलेली. त्या काळात भूकही जुनीच लागते, आतून ओढून काढणारी. मी पिशवीत हात घातला. फडकं होतं. फडक्याला चटणी होती. मी म्हटलं, नाना तर काही हलत नाही, आपण चार पावलं जाऊन नुसता वास घेऊन येऊ. भजीवाल्या बाईची परात भरलेली होती. मी विचार केला की मी वारा आहे. वाऱ्याला भजं उचलता येतं का? येतं. मी एक उचललं आणि तोंडात टाकलं.

"अगं बया!" बाई किंचाळली. "ह्यो कुठनं उगवला?"

माझा हात अजून तिच्या परातीत होता. दुसऱ्या भज्यावर.

"चोर! चोर! धरा त्याला!"

मी पळालो. एवढ्या बाजारात ओळखीचा चेहरा एकच होता, म्हणून नानाच्या दिशेने पळालो. तो मला ओळखत नाही, एवढंच विसरलो. कोश्याचा दोर आडवा होता. त्यात पाय अडकला, मी तोंडावर आपटलो, पिशवी अंगाखाली आली आणि छत्रीचं बटण दाबलं गेलं. फट्‌! बैलाच्या नाकासमोर केशरी छत्री उघडली, वर माझ्या कंपनीचं नाव.

कोश्या दोन पायांवर उभा राहिला. नानाने दोर सोडला नाही, हे मी कुठल्याही कोर्टात सांगेन. दोरच त्याच्या हातातून गेला, तळहाताचं कातडं घेऊन गेला. माणसं बाजूला झाली, टोपल्या उडाल्या, आणि बैल उताराने सरळ नदीकडे.

नानाने माझी कॉलर धरली. त्याच्या हाताचं रक्त माझ्या शर्टाला लागलं. "कोन तू? कोन तू रे? माझा बैल!" तो ओरडत होता आणि रडत होता. मी म्हणालो, "सॉरी."

मागून कुणीतरी माझ्या तोंडात अर्धी चपाती कोंबली. "निगलो!" आपांचा आवाज. मी गिळली. कॉलर धरलेली नानाची मूठ रिकामी झाली. तो आपल्या मुठीकडे बघत राहिला.

मला तिथून पळायचं होतं. आपांनी दंड धरून ठेवला. "अब देखो. बघायलाच आलो होतो ना?"

गुळाची ढेप खांद्यावर घेऊन तात्या आले. नाना सांगायला लागला, एक येडपट आला, दोरात पडला, त्याच्या हातात भडक काहीतरी होतं, मी धरला होता दादा, मुठीतून नाहीसा झाला. आजूबाजूचे दोघं-तिघं हसले. तात्यांचा चेहरा लाल झाला. ते काहीतरी ओरडले, ते हशात मला ऐकू आलं नाही. मग ती थोबाडीत. नानाने सोललेला हात उचलून गालाला लावला आणि गालही लाल झाला. तात्यांना वाटलं असेल ते आपल्या बोटांनी.

"आपा," मी म्हणालो, "थोडं आधी जाऊ. चला ना. मी भजं खात नाही. शपथ."

आपांनी माझ्याकडे बघितलं. रागाने बघतील असं वाटलं होतं, पण दमून बघत होत्या. "तुमच्यामुळे काही बदललं नाही, भाईसाब. बैल पहिल्यापासून तुम्हीच सोडलेला आहे. इनका घर इतने साल से तुम्हारे भजिये पे टूटा हुआ है."

पुन्हा घाट

तात्या सांगतच होते. घसा बसला होता, पण तो दिवस त्यांनी सोडला नव्हता. आम्ही पायऱ्या चढून आलो तेव्हा ते 'बैल गेला' इथपर्यंत आले होते आणि तिथेच पुन्हा पुन्हा फिरत होते. आमची चाहूल लागली तसे डोळे उघडले.

"सोडला का नानानं?"

वर येताना मी तीन खोट्या गोष्टी तयार केल्या होत्या. गर्दीत दिसलं नाही. दोर जुना होता, तुटला. कुत्रं भुंकलं. तिसरी चांगली जमली होती. आपा बाजूला उभ्या राहून नाक पुसत होत्या. तात्या वाट बघत होते. त्यांच्या मोठ्या हातांकडे माझं लक्ष गेलं, आणि मी म्हणालो, "नानांनी नाही सोडला. मी सोडला."

"तुम्ही?"

"भाकरी संपली होती. भजं खाल्लं. मग पळालो, दोरात पडलो, छत्री उघडली. नाना शेवटपर्यंत दोर धरून होते, तात्या. हात सोलला त्यांचा."

तात्या नदीकडे वळले. मी मार खायची तयारी केली होती. चष्मा काढून खिशातसुद्धा ठेवला होता.

"कसलं भजं?" त्यांनी विचारलं.

"कांद्याचं."

"गंगूबाईचं आसंल. चांगलं व्हतं?"

आता काय लपवायचं? "फार चांगलं होतं," मी म्हणालो.

तात्यांनी मान हलवली. मग तोंडावर हात धरला आणि त्यांचे खांदे हलायला लागले. हसतायत की रडतायत ते मला कळलं नाही, आणि विचारायचा धीर झाला नाही. आपांनी त्यांना पाणी दिलं.

मनमाडला निघताना आपांनी माझ्याबद्दलचं त्यांचं मत सांगितलं. "तुम्हाला मी आता कालपर्यंतसुद्धा नेणार नाही." मात्र नकाशात त्यांनी त्या ठिकाणी एक खूण केली. मी विचारलं, काय लिहिलं? त्यांनी कागद गुंडाळला.

मुक्काम तात्यांकडेच पडला, कारण तात्यांनी मला सोडलं नाही. "सकाळी वणीला यायचं तुम्ही. माझ्यावर कोन इश्वास ठेवील?" जेवायला काळ्या मसाल्यातलं वांगं आणि बाजरीच्या भाकरी होत्या. सूनबाई आग्रह करत राहिल्या, "अजून एक घ्या ना भाऊ, लाजता काय." त्यांना काही ठाऊक नव्हतं. तात्यांना ठाऊक होतं, तरी तेही म्हणाले, "वाढ त्यांना."

वणी

सकाळी तात्यांच्या मुलाने पिकअप काढली. दिंडोरी मागे पडल्यावर समोर सप्तशृंगीचा डोंगर उभा राहिला आणि तात्यांनी खिडकीतूनच हात जोडले. वाटेत ते एकदाच बोलले. "त्यो घरात घील ना?" मला की मुलाला विचारलं ते कळलं नाही, म्हणून दोघांनीही उत्तर दिलं नाही.

नानांचं घर रस्त्याला लागून होतं. पुढे नारळ-ओटीचं दुकान, मागे दोन खोल्या. नाना खाटेवर उशीला टेकून बसले होते. मिशी पांढरी झाली होती, चेहरा तोच. मी काल पाहिलेला. तात्या उंबऱ्यापाशी आले आणि थांबले. दवाखान्याच्या दारात थांबले असतील तसेच.

"दारात काय उभा?" नाना म्हणाले. "ये की आत."

तात्या आत गेले. त्यांच्या मागून मी. नानांची नजर भावावरून माझ्यावर आली आणि ते खाटेवर ताठ उठून बसले, इतके जोरात की सून स्वयंपाकघरातून धावत आली.

"छत्री कुठंय तुझी?" नानांनी मला विचारलं.

"गाडीत," मी म्हणालो.

तात्या खाटेच्या पायथ्याशी बसले. त्यांनी नानांचा उजवा हात ओढून घेतला, तळहात उघडला आणि तिथली जुनी, चमकणारी पट्टी अंगठ्याने चाचपली.

"हात सोलला व्हता तुझा," ते म्हणाले. "मी बघितलाच नाय. मारला वरून." आणि जरा वेळाने, "माफ कर रे मला."

नानांनी हात सोडवून घेतला नाही. दुसऱ्या हाताने उपरण्याचं टोक डोळ्यांना लावलं आणि सुनेकडे बघून ओरडले, "च्या टाक की! काय बघत बसली?"

चहा आला. मला कपबशी देताना सुनेने घाबरून हात लांब केला, न जाणो मी नाहीसा झालो तर. नाना बशीत फुंकर घालत माझ्याकडे टक लावून बघत होते, चष्म्यापासून चपलेपर्यंत. मी ओशाळून हसलो. त्याने त्यांची खात्री आणखीच पटली असावी. त्यांनी तात्यांना कोपराने ढोसलं.

"मी तवाच वरडून सांगत व्हतो, एक येडपट आला अन् त्यानं केलं. तू म्हनला, इतका येडपट मानूस जगात नसतोय. आता जवळून बघून घे."